‘पप्पा, गेम उघडत नाही’ : एका फॉल्टचा इतिहास



तेजपूरच्या पोस्टिंगवर याआधी पूर, चहामळे आणि ब्रह्मपुत्रेवरचा पूल यांवर लिहून झालं. आजची गोष्ट त्याच पोस्टिंगमधली आहे, पण ती नदीची नाही आणि लढाईचीही नाही. कॉम्प्युटरवरचा एक खेळ उघडला नाही, त्याची आहे. काही जण म्हणतील, हवालदारसाहेब आता लहान मुलांच्या विषयावर घसरले. पण मी सिग्नलचा माणूस. जबलपूरच्या ट्रेनिंग सेंटरपासून एकच शिकलो : फॉल्ट लहान-मोठा नसतो, तो सापडलेला किंवा न सापडलेला असतो.

साल १९९७. घर सातारा जिल्ह्यात, कोरेगाव तालुक्यात. साताऱ्यातला एक कॉम्प्युटर क्लास बंद होत होता, त्यांचं जुनं ४८६ मशीन मी फंडातून पैसे काढून घेतलं आणि आठ दिवसांत रजा संपवून आसामला निघून आलो. सौ.चं म्हणणं होतं की त्या पैशात घरावर नवे पत्रे पडले असते. मुलगा आठवीत. त्यानं मित्राकडून विमान उडवण्याचा एक खेळ फ्लॉपींवर भरून आणला, मशीनवर चढवला, आणि खेळ काही सुरू होईना.

घरी फोन नव्हता. फोन समोरच्या किराणा दुकानात. मी रविवारी आउटपास घेऊन बाजारातल्या एसटीडी बूथवर जायचो, दुकानात फोन लावायचो, दुकानदार पोराला हाक मारायचा. मीटरचे लाल आकडे पळायचे. पहिल्या रविवारी तो म्हणाला, “पप्पा, गेम उघडत नाही.”

“स्क्रीनवर काय लिहून येतंय?”

“काहीतरी मेमरी कमी आहे म्हणतंय.”

“काहीतरी नको. शब्दन् शब्द कागदावर उतरवून आण. मी दहा मिनिटांनी परत लावतो.”

तो रस्ता ओलांडून धावत गेला आणि कागद घेऊन आला. खेळाला सहाशेच्या वर किलोबाइट मेमरी मोकळी हवी होती, आणि मशीन म्हणत होतं ५४० आहे. पोराचा प्रश्न रास्त होता : “पण पप्पा, आपल्या मशीनमध्ये चार एमबी आहे ना? म्हणजे चार हजार किलोबाइट. मग कमी कशी पडते?”

याचं उत्तर १९८१ सालात आहे.

त्या वर्षी ऑगस्टमध्ये आयबीएमनं आपला पर्सनल कॉम्प्युटर बाजारात आणला. त्यात इंटेलची ८०८८ नावाची चिप होती. तिला मेमरीचा पत्ता सांगायला वीस तारा होत्या. वीस तारांवर जास्तीत जास्त १०,४८,५७६ पत्ते बसतात, म्हणजे एक एमबी. त्यातला वरचा ३८४ किलोबाइटचा पट्टा स्क्रीन, जोडकार्डं आणि मशीनच्या स्वतःच्या कामाला राखून ठेवला. खाली उरले ६४० किलोबाइट, ते कार्यक्रमांना. तेव्हा यात कोणाला काही गैर वाटलं नाही. त्या मशीनचं सगळ्यात स्वस्त मॉडेल अवघ्या १६ किलोबाइटवर विकलं जात होतं, त्यापुढे ६४० म्हणजे मोकळं मैदान.

पुढे चिपा वाढल्या. १९८५ मध्ये ३८६ आली, मेमरी स्वस्त झाली, पण जुने कार्यक्रम चालत राहावेत म्हणून डॉसनं ती ६४० ची भिंत तशीच ठेवली. क्वार्टरमास्टरचं स्टोअर मागे गच्च भरलेलं असावं आणि इश्यू मात्र एका लहान खिडकीतून व्हावा, असा प्रकार. त्या खिडकीत डॉस स्वतः बसायचा, माउसचा ड्रायव्हर बसायचा, सीडीचा बसायचा, साउंड कार्डाचा बसायचा. खेळ येईपर्यंत खिडकीत जागाच उरायची नाही.

मायक्रोसॉफ्टनं १९९१ मध्ये डॉसची पाचवी आवृत्ती आणली, तिच्यात यावर इलाज दिला. हायमेम नावाचा ड्रायव्हर वरची मेमरी उघडून देतो. ईएमएम-३८६ नावाचा दुसरा ड्रायव्हर त्या राखीव पट्ट्यातल्या रिकाम्या फटी शोधून तिथं बाकीच्या ड्रायव्हरांची सोय करतो. मग खाली खेळाला जागा होते. यासाठी मशीनच्या ‘कॉन्फिग डॉट सिस’ नावाच्या फाइलमध्ये पाच-सहा ओळी लिहाव्या लागत. आज चाळिशीत असलेल्या कितीतरी इंजिनिअरांनी कॉम्प्युटरच्या पोटात पहिल्यांदा हात घातला तो याच फाइलमधून, आणि कारण एकच, खेळ चालत नव्हता.

आमच्या हेडक्वार्टरच्या कॉम्प्युटर सेलमध्ये एक उस्ताद होते, केरळचे. त्यांच्याकडून मी त्या ओळी समजून घेतल्या आणि अंतर्देशीय पत्रावर लिहून घरी पाठवल्या. पत्ता आमचा ९९ एपीओ. पत्र आठवड्याभरात पोचलं. दुसऱ्या रविवारी पोरगा म्हणाला, “मेमरी वाढली पप्पा, पण अजून थोडी कमीच पडते.” मी बूथवर उभ्या उभ्या हुकूम दिला, “माउसची ओळ काढून टाक.” तिसऱ्या रविवारी त्यानं फोन उचलला तोच ओरडत, “चाललं! विमान उडालं!” त्या रात्री लंगरमध्ये मी सगळ्यांना सांगितलं की दोन हजार किलोमीटरवरून, नुसत्या पत्रावर आणि फोनवर फॉल्ट काढला. शाबासकीही मिळाली. ही शाबासकी लक्षात ठेवा, तिच्याकडे परत यायचं आहे.

विमान उडालं, पण मुकं. आवाज नाही. मधेच खेळ जागच्या जागी गोठायचा. याचाही इतिहास आहे. पीसीला जन्मतः फक्त टिकटिक करणारा छोटा स्पीकर होता. सिंगापूरच्या क्रिएटिव्ह कंपनीचं साउंड ब्लास्टर कार्ड १९८९ मध्ये आलं आणि खेळांना खरा आवाज मिळाला. पण खेळाला तीन गोष्टी बिनचूक सांगाव्या लागत : कार्ड कोणत्या पोर्टवर आहे, प्रोसेसरचं लक्ष वेधायला कोणती इंटरप्ट लाइन वापरतं, आणि कोणत्या डीएमए चॅनेलवरून माल नेतं. अशा लाइनी मोजक्याच. सात नंबरची लाइन परंपरेनं प्रिंटरची, आणि सुरुवातीची कार्डं कंपनीतून त्याच सातवर लावून येत. सिग्नलवाल्यांना जास्त समजवायला नको. दोन सेट एकाच फ्रिक्वेन्सीवर बोलायला लागले की काय होतं ते सगळ्यांना माहीत आहे. सात काढून पाच दिलं की बहुतेक वेळा आवाज यायचा. आमच्याकडेही तसंच झालं.

ही झाली गरीब मशीनची कथा. मशीन श्रीमंत झालं तरी खेळ अडायचे, आणि ते कारण तर फारच गमतीचं. टर्बो पास्कल या भाषेत लिहिलेले अनेक कार्यक्रम आणि काही खेळ सुरू होतानाच आधी मशीनचा वेग मोजायचे : घड्याळाच्या एका ठोक्यात किती फेऱ्या होतात ते मोजायचे आणि त्याला भागायचे. पेंटियम दोनशे मेगाहर्ट्झच्या पुढे गेले तसा भागाकाराचा आकडा ठरलेल्या जागेत मावेना, आणि कार्यक्रम ‘रनटाइम एरर २००’ म्हणून पहिल्या क्षणाला कोसळू लागले. एरर म्हणायची शून्यानं भागलं. खरं तर कोणी शून्यानं भागलं नव्हतं. मशीन फार चपळ निघालं होतं, एवढाच गुन्हा. म्हणून एररचे शब्द उतरवून घ्यावेत, पण तिनं दिलेलं कारण तपासल्याशिवाय मानू नये.

६४० च्या भिंतीतून आरपार वाट काढली ती डूमसारख्या खेळांनी. आयडी सॉफ्टवेअरनं १० डिसेंबर १९९३ ला तो सोडला. त्याच्यासोबत डॉस-४-जीडब्ल्यू नावाचा एक विस्तारक असायचा. तो प्रोसेसरला संरक्षित मोडमध्ये नेऊन सगळी मेमरी एकसलग खुली करायचा. आपल्या वाचकांतल्या जुन्या फौजींना हेही सांगतो की याच डूमच्या दुसऱ्या भागात बदल करून अमेरिकन मरीन कोअरनं १९९६ मध्ये चार जणांच्या फायर टीमसाठी सरावाचा खेळ तयार केला. ‘मरीन डूम’ म्हणून तो ओळखला जातो. म्हणजे ज्याला आपण पोरखेळ म्हणतो, तो तोवर बॅरकीपर्यंत पोचला होता.

आता १९९४ चा नाताळ. हा प्रसंग या सगळ्या इतिहासातला सगळ्यात शिकवून जाणारा. डिस्नेनं ‘लायन किंग’ चित्रपटावरून मुलांसाठी एक ॲनिमेटेड स्टोरीबुक सीडीवर काढलं. विंडोजवर चित्रं भराभर हलावीत म्हणून त्यात मायक्रोसॉफ्टचं ‘विनजी’ हे नवं साधन वापरलं होतं. पहिल्यांदा चालवताना विनजी स्क्रीनच्या ड्रायव्हरची परीक्षा घ्यायचं. त्याच मोसमात कॉम्पॅकची प्रेसारियो मशीनं घरोघर गेली होती, आणि त्यांतल्या काहींचा डिस्प्ले ड्रायव्हर विनजीशी कधी जुळवून पाहिलेला नव्हता. नाताळच्या सकाळी पोरांनी भेट उघडली, सीडी घातली, आणि मशीन कोसळलं. दुसऱ्या दिवसापासून डिस्नेच्या मदतकेंद्राचे फोन खणखणत राहिले.

चूक कोणाची? खेळ लिहिणाऱ्यानं दिलेलं साधन वापरलं. साधन देणाऱ्यानं ड्रायव्हर बरोबर असेल असं धरलं. ड्रायव्हरवाल्याला नवं साधन माहीतच नव्हतं. प्रत्येक जण आपल्या हद्दीत बरोबर, आणि लाइन मात्र डेड. केबल टाकणाऱ्या दोन पार्ट्या आपापला तुकडा टेस्ट करून निघून जातात आणि सांधा कोणीच तपासत नाही, तसं.

या धड्यानंतर मायक्रोसॉफ्टमधल्या ॲलेक्स सेंट जॉन, क्रेग आइसलर आणि एरिक एंगस्ट्रॉम या तिघांनी डायरेक्टएक्सचा आग्रह धरला. कल्पना अशी की खेळानं एकाच ठरलेल्या भाषेत बोलावं, आणि हार्डवेअर बनवणाऱ्यानं ती भाषा समजणारा ड्रायव्हर द्यावा. विंडोज ९५ आली २४ ऑगस्ट १९९५ ला, डायरेक्टएक्सची पहिली आवृत्ती ३० सप्टेंबरला. खेळवाल्यांचा विश्वास बसावा म्हणून डूमच विंडोजवर आणला गेला, आणि बिल गेट्स हातात बंदूक घेऊन त्याच्या जाहिरातफितीत दिसले.

इंटरप्टची आकडेमोड हळूहळू गेली. तिच्या जागी नवं दुखणं आलं : ‘अमुक डीएलएल सापडत नाही.’ डीएलएल म्हणजे अनेक कार्यक्रमांनी मिळून वापरायचं सामायिक सामान. खेळ ते आपल्यासोबत आणत नाही, मशीनवर आहे असं धरून चालतो. आजही नव्या मशीनवर जुना खेळ टाकला की डी-३-डी-एक्स-९ ने सुरू होणारं नाव दाखवून तो बंद पडतो. मग पोरं ती एकच फाइल कुठल्यातरी अनोळखी साइटवरून उतरवतात. असं करू नका. गेटवर अनोळखी माणूस युनिटचा बिल्ला लावून आला म्हणून आत घेतो का आपण? मायक्रोसॉफ्टचा डायरेक्टएक्सचा जून २०१० चा संच आणि व्हिज्युअल सी++ चे रनटाइम मूळ ठिकाणाहूनच घ्यावेत.

इथपर्यंत खेळ अडायचा तो मेमरी नाही, लाइन नाही, फाइल नाही म्हणून. त्यानंतर तो परवानगी नाही म्हणून अडू लागला.

नक्कल रोखायला १९९८ च्या सुमारास सेफडिस्क आलं. सीडीवरची खास खूण एक ड्रायव्हर विंडोजच्या अगदी आत बसून तपासायचा. पुढे कळलं की तोच ड्रायव्हर सुरक्षेला भोक पाडतो. २०१५ च्या विंडोज १० मध्ये मायक्रोसॉफ्टनं त्याला जागाच दिली नाही, आणि त्याच सप्टेंबरात जुन्या विंडोजवरही एका अपडेटनं तो बंद केला. परिणाम असा की ज्यानं पैसे मोजून सीडी घेतली त्याचा खेळ उघडेना, आणि ज्याच्याकडे कुलूप तोडलेली नक्कल होती त्याचा चालू राहिला. इमानदार माणसाला रांगेत उभं करायचं आणि बाकीच्यांना मागच्या दारानं, हे आपल्याला नवीन नाही.

मग कुलूप मशीनमधून दूर सर्व्हरवर गेलं. व्हॉल्व्ह कंपनीनं सप्टेंबर २००३ मध्ये स्टीम सुरू केलं, आणि नोव्हेंबर २००४ मध्ये ‘हाफ-लाइफ २’ आला तेव्हा दुकानातून डिस्क घेतलेल्यालाही आधी इंटरनेटवर जाऊन खेळ उघडून घ्यावा लागला. पहिल्याच दिवशी पुष्कळ जण दारात ताटकळले. १५ मे २०१२ ला ‘डायब्लो ३’ आला. एकट्यानं खेळायचा असला तरी सर्व्हर हवा, आणि सर्व्हर गर्दीनं भरलेला. ‘एरर ३७’ हे नाव जगभर झालं ते त्या दिवशी. ३१ मे २०१४ ला गेमस्पायचे सर्व्हर बंद झाले आणि कित्येक जुन्या खेळांची मिळून खेळायची सोय कायमची गेली. त्या मशीनांमध्ये काहीच बिघडलं नव्हतं. पलीकडे फोन उचलणारं कोणी उरलं नव्हतं.

हे मी मुद्दाम सविस्तर सांगतो, कारण आपली तरुण पोरं आता लॅपटॉप घेऊन पोस्टिंगवर जातात. वर जिथं नेटवर्क नाही तिथं, परवानगी असेल तर, रिकाम्या वेळात खेळायचा विचार असतो. आणि तिथं खेळ म्हणतो, आधी लॉगिन करा. म्हणून खाली स्टेशनवर असतानाच खेळ एकदा पूर्ण उघडून बघावा, अपडेट संपवावेत, ऑफलाइन मोड लावून नेट बंद करून पुन्हा एकदा उघडावा. निघण्याआधी सेट टेस्ट करायचा, हा आपला जुनाच नियम.

बाकी क्रमही जुनाच. आधी एररचे शब्द जसेच्या तसे लिहून घ्या. शेवटचा खेळ चालला त्यानंतर काय बदललं ते विचारा : विंडोजचा अपडेट, नवा ड्रायव्हर, की नवा अँटिव्हायरस. ग्राफिक्स ड्रायव्हर तपासा, लायन किंग आठवून. लाँचरमधून खेळाच्या फाइली पडताळून घ्या. अँटिव्हायरसनं एखादी फाइल कोठडीत टाकली आहे का बघा. रनटाइम बसवा. आणि एका वेळी एकच बदल करा. तीन बदल एकदम केले आणि लाइन सुरू झाली, तर कशानं झाली हे कधीच कळत नाही.

हे शेवटचं वाक्य मी ज्युनिअरांना वर्षानुवर्षं ऐकवलं. स्वतः ते पाळलं का, ते गेल्या दिवाळीत कळलं.

मुलगा आता पुण्यात असतो. दिवाळीला गावी आला, सोबत नऊ वर्षांचा नातू. माळ्यावर फ्लॉपींचा डबा सापडला. फ्लॉपी वाचायला मशीन नाही, पण मुलानं ते सगळं फार पूर्वी सीडीवर उतरवून ठेवलं होतं. नातवाला तोच विमानाचा खेळ बघायचा होता. लॅपटॉपवर खेळाला हात लावला तर विंडोजनं साफ नकार दिला : हा कार्यक्रम या मशीनवर चालणार नाही. कारण ६४ बिटांच्या विंडोजनं १६ बिटांचे जुने कार्यक्रम चालवायचं सोडून दिलं आहे. मुलानं डॉसबॉक्स घातला. २००२ पासून मिळणारा हा कार्यक्रम मशीनच्या आत एक खोटं जुनं मशीन उभं करतो, साउंड ब्लास्टरसकट. खेळ पहिल्या फटक्यात उघडला. ना हायमेम, ना इंटरप्ट. नातवाला कळलंही नाही की यात कधी काही अडचण होती.

मी डबा चाळत होतो. तळाशी माझं अंतर्देशीय पत्र. १९९७ चा शिक्का, माझं अक्षर. पाच ओळी. वर ईएमएम-३८६ ची ओळ, आणि हायमेमची अगदी शेवटी, मागाहून आठवल्यासारखी कोंबलेली. बघताक्षणी पोटात धस्स झालं. ईएमएमला आधी हायमेम हजर लागतो. उलट्या क्रमानं लिहिलं तर ईएमएम चढतच नाही. म्हणूनच दुसऱ्या रविवारी मेमरी वाढली, पण पुरी पडली नाही. फॉल्ट मशीनमध्ये नव्हता, माझ्या पत्रात होता.

हायमेमच्या ओळीपासून वरपर्यंत पेन्सिलीनं एक बाण काढलेला होता. बाणाजवळ आठवीतल्या अक्षरात लिहिलं होतं, ‘आधी ही’.

मी मुलाला कागद दाखवला. “हे तू कधी केलंस?”

“तेव्हाच. मशीन सुरू होताना स्क्रीनवर एक ओळ येऊन जायची. तुम्ही म्हणाला होतात ना, शब्दन् शब्द लिहून घे. लिहून घेतली, डिक्शनरी घेऊन बसलो. वरचा मॅनेजर हजर नाही म्हणत होती. मग ओळ वर नेली.”

“मला का नाही सांगितलंस?”

तो हसला. “तुम्ही फोनवर एवढे खूश होतात पप्पा.”

“आणि माउसची ओळ? ती काढलीस की नाही?”

“माउस काढला असता तर विमान उडवलं कशानं असतं?”

दोन हजार किलोमीटरवरून मी काढलेला फॉल्ट असा होता. तेजपूरच्या लंगरमधली शाबासकी अठ्ठावीस वर्षं उशिरा योग्य हातात देतो आहे. त्या वेळचे साथी हे वाचत असतील तर त्यांनी नोंद दुरुस्त करून घ्यावी.

पत्र मी डब्यात परत ठेवलं नाही. ते आता डिस्चार्ज बुकाच्या फाइलमध्ये आहे.

जय हिंद.